छाटणीनंतर दुखणारं कोपर: कंडरेला मोजून काम कसं द्यायचं

सांगली जिल्ह्यातल्या तासगाव भागात द्राक्षाची ऑक्टोबरची छाटणी उरकत आली, की माझ्याकडे येणारी माणसं जवळजवळ एकच वाक्य बोलतात. "ताई, तांब्याच उचलंना." दिवसभर बागेत कात्री चालवणारा तगडा माणूस, आणि त्याला पाण्याचा तांब्या उचलत नाही. घरच्यांना हे खोटं वाटतं. ते खोटं नसतं. तांब्या आपण वरून, तळहात खाली करून, गळ्याला बोटं लावून उचलतो, आणि कोपराच्या दुखावलेल्या कंडरेवर, म्हणजे स्नायूला हाडाशी बांधणाऱ्या दोरावर, नेमका त्याच पकडीत जास्त ताण येतो.

मी फिजिओथेरपिस्ट आहे आणि घरची द्राक्षबाग आहे, त्यामुळे हे दुखणं मी दोन्ही बाजूंनी पाहिलंय. पहिल्यांदाच कोपर धरलेल्या माणसासाठी हा लेख लिहितेय. छाटणीचं काम असो, म्हशीची धार असो, मिरजेत तंतुवाद्यांच्या कारखान्यातलं लाकूड तासणं असो की दिवसभर माऊस धरून बसणं असो, उपाय जवळपास तोच आहे.

आधी आत काय बिघडलंय ते पाहू

डाव्या हाताने उजव्या हाताचा कोपराखालचा मांसल भाग वरून धरा आणि उजवी मूठ घट्ट आवळा. बोटांखाली स्नायू टणक झालेले लागतील. मूठ तर तळहाताच्या बाजूचे स्नायू आवळतात, मग मागच्या बाजूचे का ताठरले? कारण ते मनगट सावरून धरतात. त्यांनी धरलं नाही तर मूठ आवळताना मनगट आत दुमडेल आणि पकडीत जोर राहणार नाही. म्हणजे तुम्ही काहीही पकडलंत की या स्नायूंना काम लागतंच. हे सगळे स्नायू वर जाऊन कोपराच्या बाहेरच्या बाजूला असलेल्या हाडाच्या छोट्या उंचवट्याला एकत्र चिकटतात. स्नायूला हाडाशी बांधणारा हा जो चिवट पांढरा दोर, त्याला कंडरा म्हणतात. आपल्याकडे त्यालाच "शीर" म्हणायची पद्धत आहे, पण ती रक्ताची शीर नव्हे आणि "नस दबलीय" असंही नव्हे.

आता हिशेब करून बघा. एका वेलीवर तीस काड्या धरा आणि दिवसाला शंभर वेली. कात्री तीन हजार वेळा मिटली. हे काम पंधरा दिवस, उक्तं घेतलं असेल तर रविवारही नाही. सहा महिने हलकं काम केलेली कंडरा एका आठवड्यात इतक्या कामाला तयार होत नाही. तिचे तंतू विस्कटतात, आणि ते सांधायला लागणारा वेळ तिला मिळत नाही.

या दुखण्याला टेनिस एल्बो म्हणतात. २००४ साली सचिन तेंडुलकरच्या डाव्या कोपराला ते झालं आणि हा शब्द महाराष्ट्रात घरोघरी पोचला. पण बहुतेक रुग्णांनी रॅकेट हातातही धरलेली नसते. १८७३ साली रुंगे नावाच्या जर्मन डॉक्टरने याचं वर्णन केलं तेव्हा ते लिहिणाऱ्यांच्या हाताबद्दल होतं, टेनिसचं नाव नंतर लागलं. साधारण चाळीस ते पन्नास या वयात ते जास्त दिसतं, बायका-पुरुष दोघांतही, आणि बहुधा कामाच्या हाताला.

एक गोष्ट इथेच पक्की करून घ्या, पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. ही "सूज" फारशी नसते. १९७९ साली निर्शल आणि पेट्रोन या अमेरिकन डॉक्टरांनी शस्त्रक्रियेत काढलेला कंडरेचा तुकडा तपासला, तेव्हा त्यात दाहाच्या पेशी जवळपास नव्हत्या. होते ते विस्कटलेले, अर्धवट सांधलेले तंतू. म्हणून सूज उतरवणारं औषध कळ कमी करतं, पण कंडरा सांधत नाही. कंडरा सांधते ती योग्य मापाच्या ओढीने. पूर्ण आराम दिला तर ती आणखी कमजोर होते, जास्त काम दिलं तर आणखी विस्कटते. या दोन्हीच्या मधलं माप शोधायचं, उपचार म्हणजे एवढंच.

पहिली पायरी: हेच आहे का, ते तपासा

कोपर काटकोनात वाकवा. बाहेरच्या बाजूचा हाडाचा उंचवटा चाचपा आणि त्याच्या किंचित पुढे, मनगटाच्या दिशेने, अंगठ्याने दाबा. तिथे नेमकी कळ आली तर पहिली खूण पटली. मग हात समोर सरळ करा, तळहात जमिनीकडे, मूठ वळून मनगट वर उचला आणि दुसऱ्या हाताने ती मूठ खाली दाबा. त्याच जागी दुखलं तर दुसरी. प्लास्टिकची खुर्ची पाठीकडून, कोपर सरळ ठेवून, तळहात खाली करून उचलून बघा. दुखऱ्या हाताने ती बहुधा उचलवत नाही.

दुखणं कोपराच्या आतल्या बाजूला, म्हणजे अंगाकडच्या उंचवट्यावर असेल, तर ते याचंच भावंड आहे, गोल्फर्स एल्बो. कोयता चालवणारे आणि ओझी उचलणारे यांच्यात ते सापडतं. पुढचे सगळे व्यायाम त्यालाही लागू आहेत, फक्त तळहात वर करून करायचे.

दुखणं दुसरंच असण्याच्या खुणा या. मानेपासून दुखत खाली येतं, मान वळवली की हातात मुंग्या येतात: मानेचा मणका तपासा. करंगळी आणि अनामिका बधिर होतात: कोपराच्या आतल्या बाजूची नस तपासा. मनगट किंवा बोटं वर उचलताच येत नाहीत, मग दुखो वा न दुखो: डॉक्टरांकडे जा. पडल्यावर दुखणं सुरू झालं, कोपर सरळ होत नाही, कोपर लाल-गरम आहे, सुजलंय, ताप आहे: त्याच दिवशी जा. सांगलीच्या सिव्हिलमध्ये आणि मिरजेच्या शासकीय रुग्णालयात अस्थिरोग विभाग आहे, खासगी दवाखाने तर मिरजेत पावलोपावली. आणि पायी चालल्यावर किंवा जिना चढल्यावर डावा हात दुखतो, आपण थांबलो की दुखणं थांबतं, सोबत छातीत दाब किंवा घाम येतो, तर ते कोपराचं दुखणं नाहीच. तिथे तेल चोळत बसू नका, थेट दवाखाना गाठा.

सुरुवातीला एक्स-रेची गरज बहुतेकांना नसते, कारण एक्स-रेत कंडरा दिसत नाही. "फोटो नॉर्मल आला" याचा अर्थ दुखणं मनाचं आहे, असा होत नाही.

दुसरी पायरी: पहिले दोन आठवडे

लोक इथे दोन टोकं गाठतात. एक तर हात गळ्यात अडकवून बसतात, नाहीतर "काम केल्यानं मोकळं होतंय" म्हणत छाटणी पुरी करतात. दोन्ही नको.

दुखण्याला शून्य ते दहा गुण द्यायला शिका. शून्य म्हणजे काही नाही, दहा म्हणजे सहन होत नाही. ज्या कामात दुखणं तीनच्या आत राहतं ते चालू ठेवा. चार-पाचवर जातं ते कमी करा किंवा वेगळ्या तऱ्हेने करा. त्यावर जातं ते सध्या थांबवा. आणि खरी परीक्षा दुसऱ्या दिवशी सकाळी: आजच्या कामामुळे उद्या सकाळी कालच्यापेक्षा जास्त दुखलं, तर आज जास्त झालं. ही सकाळची तुलना एका वहीत रोज एका आकड्यात लिहा. आठवणीवर विसंबू नका. महिनाभराने माणूस म्हणतो "काहीच फरक नाही" आणि वही सांगते की सहावरून तीनवर आलंय.

उचलण्याची पद्धत आजच बदला. तळहात खाली करून, हात लांब करून काहीही उचलायचं नाही. तळहात वर, कोपर वाकवलेलं, वस्तू अंगाजवळ. तांब्या खालून तळव्यावर घ्या. कळशी कमरेवर. बादली दोन हातांनी, अर्धी भरून. ओले कपडे पिळण्याऐवजी दाबून निथळू द्या. जाड चादर असेल तर नळाला अडकवून दोन्ही हातांनी, कोपरं वाकवून पीळ द्या.

कळ कमी करायला डायक्लोफेनॅकचं जेल दिवसातून दोन-तीनदा लावता येतं. त्याच औषधाच्या गोळ्या मात्र दुकानातून स्वतःच आणून महिनाभर घेऊ नका. ज्यांना मूत्रपिंडाचा त्रास, पोटात व्रण, रक्तदाब किंवा हृदयाचा आजार आहे, रक्त पातळ करायच्या गोळ्या चालू आहेत, किंवा ज्या गरोदर आहेत, त्यांनी डॉक्टरांना विचारल्याशिवाय या वाटेला जाऊच नये, जेलबद्दलही विचारून घ्या. शेक गरम घ्या किंवा बर्फाचा, ज्याने बरं वाटेल तो. बर्फ कपड्यात गुंडाळून, दहा मिनिटं. दोन्हीपैकी एकानेही कंडरा सांधत नाही, पण रात्री झोप लागणं हीसुद्धा मोठी गोष्ट आहे.

बाजारात मिळणारा पट्टा कामाच्या वेळी उपयोगी पडतो. तो बरेच जण थेट दुखऱ्या जागेवर बांधतात, ते चूक. उंचवट्यापासून दोन बोटं खाली, मनगटाच्या बाजूला, मांसल भागावर बांधा. मूठ आवळल्यावर घट्ट वाटावा, एरवी सैल. बोटांना मुंग्या आल्या तर जास्त आवळलाय. झोपताना काढून ठेवा.

आणि कळकळीने सांगते, बिब्बा घालू नका आणि डागून घेऊ नका. बिब्ब्याच्या तेलाने कातडी जळून मोठाले फोड आलेले हात मी पाहिलेत. कातडीच्या आगीपुढे आतलं दुखणं चार दिवस जाणवत नाही, म्हणून गुण आला असं वाटतं. नंतर दुखणं तिथेच असतं, आणि वर जखम.

तिसरी पायरी: पाण्याची बाटली

हा या लेखाचा गाभा आहे, इथे घाई करू नका. एक लिटरची रिकामी बाटली घ्या. मोजून पाव लिटर पाणी ओता आणि त्या उंचीवर मार्करने रेघ मारा. असं चार वेळा. पाव लिटर पाणी म्हणजे पाव किलो, म्हणजे तुमच्याकडे पाव ते एक किलोपर्यंत हवं तसं बदलणारं वजन तयार झालं. डंबेल विकत आणायची गरज नाही, आणि डंबेलमध्ये पाव किलोची पायरी सहसा मिळतही नाही.

सुरुवात न हलणाऱ्या व्यायामाने करा. टेबलाजवळ खुर्चीवर बसा, कोपर काटकोनात, कोपरापासूनचा हात टेबलावर, मनगट कडेच्या बाहेर, तळहात जमिनीकडे. बाटली आडवी धरा आणि मनगट हाताच्या रेषेत सरळ ठेवा. वरही नाही, खालीही नाही. फक्त धरून ठेवा. तीस सेकंद. मग मिनिटभर विश्रांती. असं चार-पाच वेळा, दिवसातून दोनदा. सुरुवात पहिल्या रेघेपासून. बाटली पकडणंच दुखत असेल तर बाटली ठेवून द्या आणि दुसऱ्या हाताने पंजावर वरून हलकं दाबून तो दाब धरून ठेवा.

तीस सेकंद सहज जमले की पंचेचाळीसवर जा. दोन-तीन दिवस सलग सोपं गेलं आणि सकाळचा आकडा वाढला नाही, तर पुढच्या रेघेपर्यंत पाणी भरा. आकडा वाढला तर एक रेघ कमी. लाज वाटायचं काही कारण नाही. पाणी जास्त झालं की द्राक्षाचे मणी तडकतात आणि कमी झालं की वेल सुकते, हे आपल्याला कुणी सांगावं लागत नाही. कंडरेचंही माप तसंच बघत-बघत ठरतं.

चौथी पायरी: सावकाश खाली

धरून ठेवणं अर्ध्या लिटरवर फारसं न दुखता जमू लागलं, की हालचाल सुरू करा. हे बहुधा दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात होतं, कुणाला चौथा लागतो.

बैठक तीच. आता दुसऱ्या हाताच्या मदतीने बाटलीसह पंजा वर उचला. मग मदतीचा हात काढा आणि दुखऱ्या हाताने बाटली सावकाश खाली न्या, मनात एक ते पाच मोजत. खाली पोचलात की पुन्हा दुसऱ्या हाताने वर. वर न्यायला मदत, खाली यायला स्वतः. असं पंधरा वेळा, मिनिटभर थांबून पुन्हा पंधरा, पुन्हा पंधरा. पंधरा जमत नसतील तर दहा. दिवसातून एकदा पुरे. ताण खात-खात लांब होण्याच्या या कामाने कंडरा मजबूत होत जाते, असं आम्हाला वर्षानुवर्षं दिसत आलंय. करताना तीनपर्यंत दुखलं तर चालतं. अजिबात दुखत नसेल तर बहुधा पाणी कमी आहे.

इथे बरेच जण पाच मोजायच्या जागी दोन मोजतात. टीव्ही बघत, बोलत-बोलत, भराभर. मी रुग्णांना मोठ्याने मोजायला लावते. पंचेचाळीस वेळा पाच सेकंद हे कंटाळवाणं आहे, मान्य आहे, पण वेग वाढला की व्यायामाचा अर्थच जातो.

सहाव्या आठवड्याच्या आसपास तीन गोष्टी वाढवा. हाच व्यायाम कोपर अधिक सरळ करून करा, कारण बागेत हात लांबच असतो. घरातला हातोडा दांड्याच्या टोकाशी धरून, कोपर काटकोनात अंगाला टेकवून, पंजा सावकाश आत-बाहेर फिरवा. जड वाटला तर दांडा मधोमध धरा. आणि टॉवेलची गुंडाळी करून दोन्ही हातांनी हळूहळू पिळा, हळूहळू सोडा. एक लिटरची बाटली हलकी वाटू लागली तर दोन लिटरची आणा.

ओढ देण्याचा व्यायाम, म्हणजे हात सरळ करून दुसऱ्या हाताने पंजा खाली दुमडणं, तीस सेकंद तीन वेळा केला तर सकाळचा आखडलेपणा सैल होतो. पण पहिल्या आठवड्यात, दुखणं ताजं असताना, जोराने ओढू नका. खांद्याकडेही बघा. खांदा थकला की त्याचं काम कोपराकडे येतं. भिंतीला हात लावून दंड काढल्यासारखं दहा-पंधरा वेळा केलंत तरी सुरुवातीला पुरतं.

इंजेक्शनचं काय?

हे मला शांतपणे लिहिता येत नाही, तरी प्रयत्न करते. माझी आई चार म्हशींची धार काढायची. तिचं कोपर धरलं तेव्हा मी कॉलेजात होते. एका दवाखान्यात तिला स्टिरॉइडचं इंजेक्शन दिलं आणि पाचव्या दिवशी ती खुशीत म्हणाली, "अगं, हात नवा झाला." दोन महिन्यांनी दुखणं परत आलं. पुन्हा इंजेक्शन. मग तिसरं. टोचल्याच्या जागची कातडी पांढरी पडली आणि तिथे खळगा पडला. वर्षभरात तिला कुणीही एक व्यायाम सांगितला नव्हता. तिचा हात मीच शेवटी बाटलीवर आणला, पण दीड वर्षं गेलं. त्यातलं निम्मं तरी वाचलं असतं, असं मला आजही वाटतं.

नंतर शिकताना आकडे समोर आले. नेदरलँड्समधला एक अभ्यास २००२ साली लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात छापून आला. १८५ रुग्णांचे तीन गट केले होते: इंजेक्शन, फिजिओथेरपी, आणि नुसती समजूत घालून वाट बघणं. सहा आठवड्यांनी इंजेक्शनवाले ९२ टक्के बरे, फिजिओवाले ४७, वाट बघणारे ३२. इथेच थांबलो तर इंजेक्शन जिंकलं. पण ५२ आठवड्यांनी इंजेक्शनवाले ६९ टक्क्यांवर आलेले, फिजिओवाले ९१, आणि काहीही न केलेले ८३. २०१३ साली ऑस्ट्रेलियातल्या १६५ रुग्णांच्या अभ्यासात स्टिरॉइड घेतलेल्यांपैकी ५४ टक्क्यांचं दुखणं वर्षाच्या आत उलटलं, बिनऔषधी इंजेक्शन घेतलेल्यांमध्ये १२ टक्क्यांचं.

म्हणून डॉक्टरांनी इंजेक्शन सुचवलं तर विचारा: पुढच्या सहा आठवड्यांसाठी देताय की पुढच्या वर्षासाठी? लग्नघर आहे, आठ दिवस हात चालायलाच हवा, अशी अडचण असेल आणि परिणाम समजून घेतला असेल, तर तो तुमचा निर्णय. मधुमेह असेल तर त्यानंतर काही दिवस साखर वाढते, हे लक्षात ठेवा. स्वतःचंच रक्त काढून त्यातल्या प्लेटलेट टोचण्याचा महागडा उपचार हल्ली बराच सुचवला जातो. २०२१ च्या कॉक्रेन आढाव्यात, म्हणजे अनेक अभ्यास एकत्र तपासणाऱ्या अहवालात, त्याचा रुग्णाला जाणवेल असा फायदा दिसला नाही. कर्ज काढून तो करू नका.

मशीनचा शेक आणि अल्ट्रासाउंड आमच्याच व्यवसायात सर्रास दिला जातो. बरं वाटतं, तेवढ्यापुरतं. दहा दिवस मशीन लावून एकही व्यायाम न शिकवता कुणी घरी पाठवत असेल, तर तुम्ही स्वतः मागा: "मला घरी करायचं काय ते दाखवा." तो तुमचा हक्क आहे.

वर्षभरात बहुतेकांचं दुखणं जातं, दहातले आठ-नऊ जण शस्त्रक्रियेशिवाय बरे होतात. मनापासून व्यायाम करूनही सहा महिन्यांत, वर्षात फरक नाही, अशा थोड्यांसाठी शस्त्रक्रिया असते. तेंडुलकरची मे २००५ मध्ये झाली होती.

पाचवी पायरी: परत बागेत, परत गोठ्यात

दुखणं गेलं म्हणजे कंडरा तयार झाली असं नाही. व्यायाम बारा आठवडे पुरे करा, दुखणं सहाव्याला थांबलं तरी.

कात्रीकडे बघा. बोथट पातं हे कोपराचं सगळ्यात मोठं वैरी आहे. रोज सकाळी धार, सांध्याला तेलाचा थेंब. काडी पात्याच्या टोकाने कापू नका, बुडाशी घ्या, निम्म्या जोरात कापते. एप्रिलच्या खरड छाटणीत बुडाजवळची जाड काडी असते, तिथे दोन हातांची मोठी कात्री वापरा. मूठ हातात सहज बसणारी हवी. फार उघडणारी कात्री लहान पंजाच्या बाईला वापरायला लावणं म्हणजे दुखणं हातात देणं, आणि टोळीत सगळ्यांना एकाच मापाची कात्री दिली जाते, हे मला फार खटकतं. मांडवाच्या बागेत हात सतत डोक्यावर जात असेल तर पक्क्या पेटीवर उभं राहा.

पहिल्याच दिवशी पूर्ण दिवस नको. पहिला दिवस दोन तास, दुसऱ्या दिवशी सकाळचा आकडा बघून तीन. तासभर छाटणी, मग अर्धा तास काड्या गोळा करणं किंवा काडीवरच्या डोळ्यांना (फुटव्याच्या जागांना) पेस्ट लावणं, मग पुन्हा छाटणी. उक्त्या टोळीत आपापसात कामं फिरवली तर एकराचा वेळ तेवढाच लागतो आणि हात वाचतात. मुकादम ऐकत नसेल तर दोघी-तिघींनी मिळून सांगा.

धार काढताना मनगट सरळ आणि पूर्ण मुठीने. अंगठा दुमडून त्याच्या पेरावर सड दाबायची सवय सोडा. ज्या म्हशीची धार जड आहे ती काही आठवडे दुसऱ्याकडे द्या. आई आता दोनच म्हशी काढते, मध्ये चहा पिऊन. संगणकावर बसणाऱ्यांनी माऊस अंगाजवळ घ्यावा आणि कोपर टेबलावर टेकवावं. दुचाकीवर लांब जाणाऱ्यांनी थ्रॉटल आवळून धरू नये, मनगट वर मुडपलेलं राहतं. धूम्रपान करत असाल तर कंडरा उशिरा सांधते, हे जाणून ठरवा.

तयारी कधीपासून करायची, याला आपल्याकडे सोपी खूण आहे. आषाढात बेंदराला बैल रंगवले की ऑक्टोबरच्या छाटणीला साधारण बारा आठवडे राहतात. त्या दिवशी बाटली बाहेर काढा, निरोगी हातवाल्यांनीसुद्धा. आठवड्यातून तीन दिवस सावकाश खाली नेण्याचा व्यायाम, हळूहळू पाणी वाढवत. छाटणीच्या दिवसांत मात्र तो बंद ठेवा, कात्रीच पुरेसं काम देते.

आणि दुखणं उलटलं तर? अनेकांचं एकदा तरी उलटतं, बहुधा एप्रिलमध्ये. घाबरून पहिल्यापासून सगळं सुरू करू नका आणि इंजेक्शनला पळूही नका. काम दोन-तीन दिवस निम्म्यावर आणा, बाटलीतलं पाणी दोन रेघा कमी करा, फक्त धरून ठेवायचा व्यायाम करा, वही पुन्हा उघडा. सकाळचा आकडा तीनच्या खाली आला की एक रेघ वाढवा. दोन आठवड्यांत आकडा हललाच नाही, किंवा नवीन मुंग्या, बधिरपणा जाणवला, तर ती वही सोबत घेऊन डॉक्टरांकडे या. आम्हाला तुमच्या वहीतून जेवढं कळतं तेवढं एक्स-रेतून कळत नाही.